गृहकर्ज शेवटी कितीला पडतं? पहिल्यांदा घर घेणाऱ्यांसाठी आकडेमोड

नोव्हेंबर २०२२ मधली रात्र. वर्षभराचं बँक स्टेटमेंट डाउनलोड करायला ॲप उघडलं होतं, बोट चुकून गृहकर्जाच्या खात्यावर पडलं. तिथे एक ओळ होती: शिल्लक हप्ते ३५६.

आम्ही जुलै २०२१ मध्ये ४० लाखांचं कर्ज घेतलं होतं, २० वर्षांसाठी. म्हणजे २४० हप्ते. त्यातले १५ वेळेवर, एकही न चुकवता भरलेले. उरायला हवे होते २२५. नवरा म्हणाला, "ॲपमध्ये काहीतरी गडबड असेल." गडबड ॲपमध्ये नव्हती. व्याजदर वाढत गेला तसा बँकेने हप्ता तोच ठेवून मुदत लांबवली होती, आणि तसे एसएमएसही आले होते. ओटीपी आणि ऑफरच्या गर्दीत ते आम्ही वाचलेच नव्हते. आंधळं दळतं आणि कुत्रं पीठ खातं, तसला प्रकार.

माझे सासरे एसटीत होते. पतपेढीचं कर्ज काढून घर बांधलेला आणि ते फेडलेला माणूस. दर दिवाळीला ते एकच विचारायचे, "मुद्दल किती राहिलं?" आम्ही उत्तर द्यायचो, "हप्ता तीस हजाराचा आहे." त्यांचा प्रश्न बरोबर होता आणि आमचं उत्तर दुसऱ्याच प्रश्नाचं होतं, हे त्या रात्री कळलं.

तुम्ही पहिल्यांदाच कर्ज घेत असाल, किंवा घेऊन एकदोन वर्षं झाली असतील, तर खालच्या पायऱ्या एका रविवारी बसून करा. मी फायनान्सवाली नाही. पण त्रैराशिक आणि टक्केवारी येत असेल तर एवढं सगळं जमतं.

आधी हे समोर ठेवा

- मंजुरीपत्र, म्हणजे सँक्शन लेटर. अजून घ्यायचं असेल तर बँकेचं कोटेशन.
- की फॅक्ट स्टेटमेंट, म्हणजे कर्जाचा दर, फी आणि अटी एका जागी सांगणारा बँकेचा कागद. सगळे याला केएफएस म्हणतात. १ ऑक्टोबर २०२४ पासूनच्या नव्या किरकोळ कर्जांना ते देणं बंधनकारक आहे.
- परतफेडीचं कोष्टक (अमॉर्टायझेशन शेड्यूल). बँक छापून देते, नाहीतर ॲपमध्ये मिळतं.
- कर्ज चालू असेल तर ताजं स्टेटमेंट आणि व्याजाचं प्रमाणपत्र.
- घराचा करारनामा आणि इंडेक्स टू (नोंदणी कार्यालयाचा व्यवहाराचा उतारा).
- मोबाइलमधलं एक्सेल किंवा गूगल शीट. नाहीतर वही आणि कॅल्क्युलेटर.

१. हप्त्याचे दोन तुकडे करायला शिका

पूर्ण लेखात मी एकच उदाहरण घेते: ५० लाख कर्ज, ८.५ टक्के दर, २० वर्षं. हप्ता येतो ४३,३९१ रुपये.

आता पहिल्या महिन्याचं व्याज काढा. शिल्लक मुद्दल गुणिले दर भागिले १२००. म्हणजे ५० लाख × ८.५ ÷ १२०० = ३५,४१७. हप्त्यातून हे वजा केलं की उरतात ७,९७४ रुपये. तुमचं कर्ज पहिल्या महिन्यात तेवढंच कमी होतं.

पुढच्या महिन्याचं व्याज उरलेल्या मुद्दलावर. शीटमध्ये पाच रकाने करा (महिना, सुरुवातीची शिल्लक, व्याज, मुद्दल, शेवटची शिल्लक), पहिली ओळ भरा आणि खाली ओढा. २४० ओळी झाल्या की कर्जाची अख्खी कुंडली समोर येते. बँकेचं तयार कोष्टक असलं तरी हे एकदा स्वतः करून बघा, कारण पुढे दर बदलला किंवा मध्येच पैसे भरले तर काय होईल हे याच शीटवर तपासायचं आहे.

या शीटमधल्या दोन ओळी मी सगळ्यांना दाखवते. ६०वी ओळ: पाच वर्षांत २६ लाख भरून झालेत आणि शिल्लक आहे सुमारे ४४ लाख. १२०वी ओळ: दहा वर्षं झाली, निम्मी मुदत संपली, ५२ लाख भरले. शिल्लक ३५ लाख. घेतलं त्याहून जास्त देऊन झालंय आणि तरी मूळ कर्जाचा ७० टक्के भाग डोक्यावर आहे. यात बँकेची लबाडी नाही. शिल्लक जास्त असते तेव्हा व्याजही जास्त, आणि हप्ता सारखा ठेवल्यामुळे मुद्दलाच्या वाट्याला सुरुवातीला चिल्लर येते, इतकंच.

२. मुदत ठरवताना हप्त्याखालचा आकडा वाचा

तेच ५० लाख, तोच ८.५ टक्के दर:

- १५ वर्षं: हप्ता ४९,२३७, एकूण व्याज सुमारे ३८.६ लाख
- २० वर्षं: हप्ता ४३,३९१, एकूण व्याज सुमारे ५४.१ लाख
- २५ वर्षं: हप्ता ४०,२६१, एकूण व्याज सुमारे ७०.८ लाख
- ३० वर्षं: हप्ता ३८,४४६, एकूण व्याज सुमारे ८८.४ लाख

२५ वरून ३० वर गेलात तर महिन्याला १,८१५ रुपये वाचतात आणि व्याज साडेसतरा लाखांनी वाढतं. "मॅडम, तीस वर्षं घ्या, हप्ता हलका होतो," असं लोन एजंट हमखास सांगतो. हप्ता हलका होतो हे खरं आहे. किती हलका आणि केवढ्याला, ते विचारा.

इथे एक गोष्ट प्रामाणिकपणे सांगायला हवी. आज दिलेले ४३ हजार आणि १८ वर्षांनी दिलेले ४३ हजार सारखे नसतात. महागाईने तेव्हाचा रुपया हलका झालेला असेल आणि तुमचा पगारही वाढलेला असेल. म्हणून "५० लाखांचे १ कोटी ४ लाख भरले" हे वाक्य ऐकायला भयंकर वाटलं तरी तेवढं भयंकर ते नाही. शिवाय त्या काळात भाडं वाचतं. पण मुदत निवडताना वरचं कोष्टक समोर असलंच पाहिजे. माझं मत: पगार हातात आल्यावर घरखर्च, मुलांची फी आणि सहा महिन्यांची गंगाजळी बाजूला ठेवून जो हप्ता झेपेल, त्यात बसणारी सगळ्यात छोटी मुदत घ्या. ओढाताण होत असेल तर लांबची मुदत घ्यायलाही हरकत नाही, पण मग पायरी ७ सोडायची नाही.

३. घराच्या किमतीबाहेरचे पैसे मोजा

पुणे महापालिकेच्या हद्दीतला, बांधकाम चालू असलेला ६५ लाखांचा फ्लॅट धरू. ३० ते ७५ लाखांच्या कर्जासाठी बँक घराच्या किमतीच्या जास्तीत जास्त ८० टक्के देऊ शकते, आणि मुद्रांक शुल्क व नोंदणी फी त्या किमतीत धरत नाहीत. आपण ५० लाख घेतले, तर स्वतःच्या खिशातून:

- उरलेली किंमत: १५ लाख
- मुद्रांक शुल्क ७ टक्के: ४.५५ लाख
- नोंदणी फी (१ टक्का, पण कमाल ३० हजार): ३० हजार
- जीएसटी ५ टक्के: ३.२५ लाख

बेरीज २३ लाख १० हजार. "पंधरा लाख जमलेत, आता घर बघायला हरकत नाही," असं म्हणणारे नेमके इथे अडकतात, आणि वरच्या आठ लाखांसाठी वैयक्तिक कर्ज काढतात किंवा दागिने गहाण ठेवतात. त्याचं व्याजही मग घराच्याच खर्चात मोजायला हवं.

यातल्या काही गोष्टी बदलू शकतात. भोगवटा प्रमाणपत्र (इमारत राहण्यायोग्य झाल्याचा दाखला) मिळाल्यानंतर घेतलेल्या घरावर जीएसटी नाही. परवडणाऱ्या घराच्या व्याख्येत बसलं (किंमत ४५ लाखांपर्यंत आणि चटईक्षेत्राची मर्यादा) तर जीएसटी १ टक्का. घर फक्त स्त्रीच्या नावावर असेल तर महाराष्ट्रात मुद्रांक शुल्कात १ टक्का सवलत. आम्ही ५२ लाखांचा फ्लॅट हौसेने दोघांच्या नावावर घेतला आणि ५२ हजारांची सवलत घालवली. अर्थात दोघं मालक आणि दोघं कर्जदार असण्याचा कराच्या बाजूने फायदाही असतो, तो पुढे सांगते.

५० लाख किंवा त्यापुढच्या घरावर विकणाऱ्याला पैसे देताना १ टक्का टीडीएस कापून सरकारजमा करण्याची जबाबदारी घेणाऱ्याची, म्हणजे तुमची. हा जादा खर्च नाही, किमतीतूनच कापायचा आहे. पण विसरलात तर व्याज आणि दिवसाला २०० रुपये विलंब फी तुमच्या बोकांडी. बिल्डर आठवण करून देईल या भरवशावर राहू नका.

रीसेलचं घर असेल तर एजंटची दलाली आणि सोसायटीची हस्तांतरण फी. ही फी महापालिका क्षेत्रात २५ हजारांपेक्षा जास्त घेता येत नाही. तरी "ऐच्छिक देणगी" मागणारे कमिटी मेंबर भेटतात. पावती मागितली की आवाज जरा खाली येतो.

आणि बँकेकडे कागद गहाण ठेवल्याची सूचना, जिला सगळे "नोटीस ऑफ इंटिमेशन" म्हणतात, ती ३० दिवसांत दुय्यम निबंधकाकडे दाखल करावी लागते. त्याचं शुल्क कर्जाच्या रकमेवर ठरतं. एजंट हे काम करून देतो आणि सोबत स्वतःचे पैसेही लावतो. सरकारी शुल्क किती आणि त्याचे किती, हे वेगळं लिहून घ्या.

४. केएफएस ओळ न् ओळ वाचा, हवं तर मराठीत मागा

कर्जदाराला समजेल अशा भाषेत केएफएस द्यायचं, असा रिझर्व्ह बँकेचा नियम आहे. सही करण्याआधी ते घरी आणा. विचार करायला किमान तीन कामकाजाचे दिवस मिळतात. त्यात एपीआर नावाचा आकडा असतो, म्हणजे प्रोसेसिंग फी वगैरे धरून पडणारा वार्षिक दर. दोन बँकांची तुलना जाहिरातीतल्या दरावर न करता या आकड्यावर करा. केएफएसमध्ये न लिहिलेला आकार बँक तुमच्या स्पष्ट संमतीशिवाय लावू शकत नाही, हेही लक्षात ठेवा.

तीन जागा खास तपासा.

विमा. मंजुरीच्या शेवटच्या टप्प्यावर, तुम्ही बिल्डरच्या तारखेमागे धावत असताना, एक फॉर्म पुढे सरकतो. "हे कंपल्सरी आहे." गृहकर्जासाठी त्याच बँकेकडून आयुर्विमा घेणं सक्तीचं नाही. आम्ही मात्र मुकाट सही केली. प्रीमियम रोख द्यावा लागला नाही, तो कर्जातच मिसळला. हिशेब करा: १.६ लाखांचा एकरकमी प्रीमियम ८.५ टक्क्यांनी २० वर्षं कर्जात राहिला तर तो ३.३३ लाखांना पडतो. कमावत्या माणसाचा विमा हवाच, पण तो साधा टर्म प्लॅन स्वतः वेगळा काढा. घेऊन बसला असाल तर पॉलिसी हातात आल्यापासून ३० दिवसांत परत करता येते.

व्याज कधीपासून. कर्ज मंजूर झाल्याच्या किंवा चेक छापल्याच्या तारखेपासून व्याज लावण्याच्या प्रकाराबद्दल रिझर्व्ह बँकेने एप्रिल २०२४ मध्ये बँकांना फटकारलं होतं. चेक बँकेच्या टेबलावर दहा दिवस पडून राहिला तर ५० लाखांवर साडेअकरा हजारांचा फरक पडतो. पैसे प्रत्यक्ष सुटल्याची तारीख आणि पहिल्या स्टेटमेंटमधली तारीख जुळवा.

दराची रचना. रेपो अधिक अमुक टक्के असं लिहिलेलं असतं. रेपो म्हणजे रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना पैसे देते तो दर. त्या "अमुक टक्के"ला स्प्रेड म्हणतात. रेपो सगळ्यांना सारखाच असतो, घासाघीस करायची ती स्प्रेडवर. सिबिल स्कोर (कर्जफेडीच्या इतिहासावरून मिळणारे गुण) चांगला असेल तर तो सांगून करा. आणि "पहिली दोन वर्षं खास दर" असं असेल तर तिसऱ्या वर्षी तो कशाला जोडला जाणार, ते लेखी घ्या.

५. दर बदलला की काय होतं ते आधीच करून बघा

या पायरीवर मी घसरले, म्हणून इथे जास्त वेळ थांबते.

ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवी फ्लोटिंग, म्हणजे बदलत्या दराची, गृहकर्जं बाहेरच्या मानकाशी, बहुतेक वेळा रेपोशी, जोडलेली असतात. आम्ही कर्ज घेतलं तेव्हा रेपो ४ टक्के होता, कोविडच्या काळातला. आमचा दर ६.७५, हप्ता ३०,४१५. मे २०२२ पासून रेपो वाढायला लागला आणि फेब्रुवारी २०२३ मध्ये ६.५० वर पोहोचला. आमचा दर ९.२५ झाला.

हप्ता तोच ठेवला तर काय होतं बघा. पहिल्या महिन्यात आमचं ७,९१५ रुपये मुद्दल फिटलं होतं. दर ९.२५ झाला तेव्हा शिल्लक होती सुमारे ३८.८ लाख. त्यावरचं महिन्याचं व्याज २९,९०० रुपये. ३०,४१५ च्या हप्त्यातून मुद्दलाला उरले पाचशे. पाचशे रुपये! त्या वेगाने कर्ज फिटायला चाळीस वर्षांहून जास्त लागली असती. दर अजून पाव टक्का वाढता तर हप्त्यातून व्याजही सुटलं नसतं आणि कर्ज वाढायला लागलं असतं.

बँकेत गेले. काउंटरवरचा मुलगा म्हणाला, "मॅडम, काळजी करू नका, तुमचा हप्ता वाढवलेला नाही." त्याच्या दृष्टीने ती चांगली बातमी होती. मी विचारलं, मूळ मुदतीतच फेडायचं तर हप्ता किती? त्याने काढून दिला: सुमारे ३६,७००. म्हणजे महिन्याला सहा हजारांवर जास्त. त्या वर्षी गाडी घ्यायची होती, ती राहिली. हप्ता वाढवून घेतला.

तुम्ही काय करायचं:

- कर्ज घेण्याआधी शीटमध्ये दर २.५ टक्क्यांनी वाढवून हप्ता काढा. तो झेपत नसेल तर कर्ज कमी घ्या. आमच्यावर तेवढी वाढ दहा महिन्यांत आली होती.
- १८ ऑगस्ट २०२३ च्या रिझर्व्ह बँकेच्या परिपत्रकानुसार दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडंथोडं, हे निवडायचा पर्याय बँकेने द्यायला हवा. काही न बोलता बसलात तर बहुतेक वेळा मुदत वाढते. पर्याय लेखी किंवा ईमेलवर कळवा आणि पोच घ्या.
- त्याच नियमानुसार दर तिमाहीला स्टेटमेंट मिळतं. त्यात आजवर फिटलेलं मुद्दल आणि व्याज, हप्ता, शिल्लक हप्त्यांची संख्या आणि दर असतो. शिल्लक हप्ते आधीच्या तिमाहीपेक्षा तीनने कमी झालेत का, एवढंच बघा. दोन मिनिटं लागतात.
- दर उतरला की उलट करा. २०२५ मध्ये फेब्रुवारी ते जून या काळात रेपो ६.५० वरून ५.५० वर आला. तेव्हा "हप्ता कमी करून देऊ का?" असं विचारलं गेलं. आम्ही हप्ता तोच ठेवला, मुदत आखडली.

६. बांधकाम चालू असेल तर प्री-ईएमआयचा हिशेब वेगळा करा

बिल्डरला पैसे स्लॅबप्रमाणे सुटतात. ताबा मिळेपर्यंत सुटलेल्या रकमेवर फक्त व्याज भरायचं, हा प्री-ईएमआय. ३० लाख सुटले असतील तर महिन्याला २१,२५०. दोन वर्षांत ५.१ लाख गेले आणि मुद्दलातून एक रुपया कमी नाही. शिवाय राहत्या घराचं भाडं चालूच. २० वर्षांची मुदत सुरू व्हायची ती त्यानंतर. झेपत असेल तर सुरुवातीपासून पूर्ण हप्ता सुरू करा, बहुतेक बँका नाही म्हणत नाहीत.

ताबा लांबला की हा खर्च फुगत जातो. म्हणून करारातली ताब्याची तारीख आणि महारेराच्या (गृहप्रकल्पांवरचं राज्याचं नियामक प्राधिकरण) संकेतस्थळावरची प्रकल्प पूर्ण होण्याची तारीख शेजारीशेजारी ठेवून बघा. ताबा लांबला तर बिल्डरकडून व्याज मागायचा हक्क आहे. महाराष्ट्रात तो दर स्टेट बँकेच्या सर्वांत जास्त एमसीएलआरपेक्षा (बँकेने स्वतः ठरवलेला किमान कर्जदर) २ टक्के अधिक. आदेश मिळणं आणि पैसे हातात पडणं यात अंतर असतं, ते मात्र गृहीत धरा. आणि नोंदणीकृत करारनामा होण्याआधी किमतीच्या १० टक्क्यांहून जास्त पैसे देऊ नका. कायद्याने बिल्डरला ते घेताच येत नाहीत.

७. आगाऊ भरा, आणि लवकर भरा

व्यक्तीने घेतलेल्या फ्लोटिंग दराच्या गृहकर्जावर आगाऊ परतफेडीचा दंड नाही. ही सोय पुष्कळांना माहीत असते, वापरणारे थोडे.

आपल्या ५० लाखांच्या उदाहरणात पहिल्या वर्षाच्या शेवटी २ लाख जादा भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर २१ हप्ते कमी होतात. व्याज वाचतं सुमारे सव्वासात लाख. तेच २ लाख पंधराव्या वर्षाच्या शेवटी भरले तर कमी होतात सात हप्ते, आणि वाचतं साधारण लाखभर. निवृत्तीच्या पैशातून एकदम फेडू म्हणणाऱ्यांनी हे दोन आकडे शेजारीशेजारी लिहून बघावेत.

एकरकमी जमत नसेल तर दरवर्षी पगारवाढ झाली की हप्ता ५ टक्क्यांनी वाढवा. ४३,३९१ चा पुढच्या वर्षी ४५,५६१, असं करत गेलात तर २० वर्षांचं कर्ज सव्वाबारा वर्षांत संपतं. बोनस, गावाकडच्या जमिनीच्या वाट्याचे पैसे, मुदत संपलेली एलआयसी, हे इथे वळवता येतं. आमच्या घरी दर दिवाळीला यावरून चर्चा होते. सोफा आठ वर्षांचा आहे.

सापळा एकच. पैसे भरताना "हप्ता कमी" की "मुदत कमी" असा पर्याय येतो आणि काही ठिकाणी पहिलाच आपोआप निवडलेला असतो. "मुदत कमी" निवडा, आणि पुढच्या महिन्यात शिल्लक हप्ते तपासा. आमचे एकदा कमी झालेच नव्हते. भरलेले पैसे पुढच्या हप्त्यांपोटी आगाऊ जमा म्हणून नुसते पडून होते. अर्ज द्यावा लागला.

सगळी पुंजी मात्र कर्जात ओतू नका. कर्जात गेलेला पैसा आजारपणात परत मिळत नाही. काही बँकांची ओव्हरड्राफ्ट पद्धतीची गृहकर्जं असतात. त्यात जादा पैसे ठेवले की तेवढं व्याज कमी लागतं आणि गरज पडली तर काढताही येतात. त्यांचा दर थोडा जास्त असतो. हातात पैसा राहिला की खर्च होतो, असा स्वभाव असेल तर साधं कर्जच बरं.

८. करसवलतीच्या भरवशावर घर घेऊ नका

"व्याजावर टॅक्स वाचतो" हे अर्धंच खरं राहिलंय. राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला २ लाखांपर्यंत वजावट मिळते ती जुन्या करप्रणालीत. नव्या प्रणालीत राहत्या घराला ती नाही, आणि काही न निवडता बसलात तर तुम्ही नव्या प्रणालीतच असता. जुनी घेतली तरी आपल्या उदाहरणात पहिल्या वर्षाचं व्याज ४.२१ लाख होतं आणि वजावट २ लाखांवर थांबते. ३० टक्क्यांच्या टप्प्यात असाल तर उपकर धरून ६२,४०० रुपये वाचतात. नवराबायको दोघं मालक, दोघं कर्जदार आणि दोघं कमावते असतील तर प्रत्येकाला वेगळी वजावट मिळते. दोन्ही प्रणालींत कर काढून बघा, सीएला विचारा, आणि घर परवडतं की नाही हे सवलत शून्य धरून ठरवा.

९. दर कमी करून मागा, मगच बँक बदला

नव्या ग्राहकाला कमी स्प्रेड आणि जुन्याला जास्त, हे सर्रास चालतं. दर सहा महिन्यांनी आपल्याच बँकेचा नव्या कर्जाचा दर बघा. फरक असेल तर अर्ज करा. आम्हाला फी आणि जीएसटी मिळून ५,९०० रुपये पडले. पाव टक्का म्हणजे ५० लाखांवर, २० वर्षं बाकी असताना, महिन्याला सुमारे ७९० रुपये आणि एकूण १.८९ लाख. म्हणजे तेवढी फी सात-आठ महिन्यांत वसूल होते.

बँकेने दाद दिली नाही तर दुसऱ्या बँकेत कर्ज नेता येतं. पण नव्या बँकेची प्रोसेसिंग फी, वकिलाचा शोध अहवाल, मूल्यांकन आणि पुन्हा इंटिमेशन, सगळं मोजा. शेवटच्या पाचसहा वर्षांत हा खटाटोप सहसा परवडत नाही. आणि नवी बँक पुन्हा वीस वर्षं मांडत असेल तर दर कमी असूनही तुम्ही जास्त व्याज भराल. उरली तेवढीच मुदत मागा.

१०. कर्ज फिटलं की कागद परत आणा

कर्ज पूर्ण फिटल्यावर ३० दिवसांत मूळ कागदपत्रं परत द्यायची आणि बोजा उतरवायचा, नाहीतर उशिराच्या प्रत्येक दिवसाला ५,००० रुपये भरपाई, हा नियम १ डिसेंबर २०२३ पासून लागू आहे. पण काय परत मागायचं हे ठाऊक असेल तर ना. कर्ज घेतानाच बँकेकडून जमा केलेल्या कागदांची सही-शिक्क्याची यादी घ्या. तिला एलओडी म्हणतात. ती घरात वेगळ्या फाइलमध्ये ठेवा आणि एक फोटो नवराबायको दोघांच्या मोबाइलमध्ये.

शेवटी हे घ्यायचं आहे: ना-देय प्रमाणपत्र, मूळ करारनामा आणि नोंदणीची पावती, सेरसाय नोंदणीत (गहाण मालमत्तांची केंद्रीय नोंदवही) बोजा उतरल्याचा पुरावा, सोसायटीच्या दप्तरातली बँकेची नोंद काढल्याचं पत्र. महिन्या-दोन महिन्यांनी सिबिल अहवालात खातं "बंद" दिसतंय का तेही बघा. वर्षातून एकदा तो फुकट मिळतो.

कागद ताब्यात घेताना काउंटरवरच बसून यादीशी ताडून बघा, करारनाम्याची पानं मोजा, आणि सगळं जुळल्यावरच पोचपावतीवर सही करा. मागे रांग असली तरी.